गिअरबॉक्स उघडण्यापूर्वी

धाकट्या बहिणीचा फोन आला की मी आधी घड्याळाकडे पाहतो. सकाळी अकराच्या आत आला, तर समजायचे, काहीतरी अडले आहे. कारण ती वेळ तिची डबे भरण्याची. जबलपूरच्या ओमती भागात ती राहते. मेहुणे गेले तेव्हापासून तिने डब्यांचा व्यवसाय धरला आहे. रोजचे साठ डबे. निम्मे वसतिगृहातल्या मुलांचे आणि निम्मे रुग्णालयात आपल्या माणसाच्या उशाशी बसून असलेल्या नातेवाइकांचे. डबे पोचवायला १९९९ सालची एक मारुती व्हॅन आहे. ती व्हॅन आधी माझी होती.

त्या दिवशी फोन आला सव्वादहाला.

"दादा, गाडी विकून टाकावी म्हणते."

"का? काय झालं?"

"गिअरबॉक्स गेलाय म्हणतात. उतरवावा लागेल. पाच आकडी खर्च सांगितलाय. तेवढ्यात माझा दोन महिन्यांचा किराणा भरतो."

हळूहळू सगळी हकिगत कळली. आदल्या दिवशी मदनमहालच्या टेकडीकडच्या चढावर तिला एका रिक्षामागे थांबावे लागले. पुन्हा निघताना तिने पहिला गिअर टाकला, निदान तिला तसे वाटले. प्रत्यक्षात पडला होता तिसरा. क्लच सोडताच इंजिन बंद पडले आणि ब्रेक लागेपर्यंत व्हॅन हातभर मागे गेली. मागे सायकल हातात धरून शाळेची एक मुलगी उभी होती. मुलगी चपळ म्हणून बाजूला झाली.

"दादा, माझे हात अजून कापताहेत," ती म्हणाली.

मी राइट टाउनात राहतो. संध्याकाळी जाऊन गाडी पाहिली. गिअरचा दांडा हातात धरला तर तो वरणात बुडवलेल्या पळीसारखा फिरत होता. कोणता गिअर कुठे आहे, याचा काही पत्ता लागत नव्हता.

दांडा इथे, गिअरबॉक्स तिथे

जुन्या जीपमध्ये गिअरचा दांडा थेट गिअरबॉक्सच्या डोक्यावर बसवलेला असे. हाताची हालचाल सरळ आत पोचे. व्हॅनमध्ये तशी सोय नाही. आपल्या व्हॅनचे इंजिन पुढच्या सीटखाली आणि गिअरबॉक्स त्याच्याही मागे. चालकाचा हात मात्र पुढे. म्हणजे हाताचा निरोप मागे पोचवायला मध्ये कुणीतरी हवे. ते काम जमिनीखालून जाणारा रॉड करतो. दांडा जिथे टेकतो तिथे एक वाटी असते. रॉडच्या दोन्ही टोकांना सांधे असतात. प्रत्येक सांध्यात एक पिन आणि पिनेभोवती नायलॉनचे किंवा रबराचे छोटे बुश. या सगळ्याला मेकॅनिक मंडळी 'लिंकेज' म्हणतात.

ही अडचण एकट्या आपल्या व्हॅनची नाही. जर्मनीत १९५० साली निघालेल्या फोक्सवॅगनच्या व्हॅनमध्ये इंजिन आणि गिअरबॉक्स अगदी मागे आणि चालक अगदी पुढे. त्यामुळे रॉड जवळजवळ गाडीभर लांब. त्याचे बुश झिजले की तिकडच्या चालकांचीही हीच तऱ्हा होते. आपल्याकडे पद्मिनीचा आणि जुन्या अँबॅसेडरचा दांडा स्टिअरिंगजवळ असे. त्या गाड्या ज्यांनी चालवल्या, त्यांना दुसरा गिअर शोधण्याची कसरत नक्की आठवत असेल.

आता थोडा हिशेब पाहा. समजा, दांडा टेकतो त्या जागेपासून वरची मूठ तीस सेंटिमीटरवर आहे आणि खाली रॉड जोडला आहे तो पाच सेंटिमीटरवर. म्हणजे खाली एक मिलिमीटर ढिलाई आली, की वर मुठीला सहा मिलिमीटर जाणवते. सांधे चार धरले आणि प्रत्येकात फक्त अर्धा मिलिमीटर झीज झाली, तर एकूण दोन मिलिमीटर. मुठीजवळ ती होते बारा! पहिल्या आणि तिसऱ्या गिअरच्या वाटा मुळात शेजारी शेजारी. तिथे एवढा घोळ झाला, तर हात चुकणारच. गंमत अशी, की एकेक सांधा वेगळा पाहिला तर कुणीही म्हणेल, "एवढं चालायचंच."

उस्तादांची परीक्षा

दुसऱ्या दिवशी डबे वाटून झाल्यावर व्हॅन ओमतीतल्याच एका गल्लीत नेली. तिथे एका वयस्कर उस्तादांचे छोटे गॅरेज आहे. पाटी नाही, फोनवर वेळ ठरवणे नाही. दुरुस्तीची गाडी उभी करायला मात्र खड्डा आहे. हे महत्त्वाचे. नुसत्या जॅकवर उचललेल्या गाडीखाली कुणीही, कधीही शिरू नये.

उस्तादांनी पहिल्यांदा पाना हातात घेतलाच नाही. त्यांनी तीन प्रश्न विचारले. इंजिन बंद असताना गिअर पडतात का? चालत्या गाडीत गिअर आपोआप सुटतो का? एखाद्या गिअरमध्ये घरघर येते का?

या तीन प्रश्नांत निम्मे निदान आहे. इंजिन बंद असताना गिअर सहज पडत असतील आणि चालू असताना कर्रर्र आवाज होत असेल, तर आधी क्लच पाहावा. पुष्कळदा नुसती केबल जुळवावी लागते. गिअर आपोआप सुटत असेल, ठरावीक गिअरमध्ये घरघर येत असेल किंवा तेलात धातूचा चुरा दिसत असेल, तर दुखणे बहुधा आतले. पण आवाज नाही, गिअर सुटत नाही, नुसता दांडा लडबडतो आणि गिअर सापडत नाही, अशी तक्रार असेल तर आधी बाहेर पाहायचे.

मग गाडी खड्ड्यावर घेतली. हँडब्रेक ओढला, चाकांना लाकडी ठोकळे लावले, इंजिन बंद. बहिणीला चालकाच्या जागी बसवले आणि सांगितले, "दीदी, धीरे-धीरे हिलाइए." उस्ताद आणि मी बॅटरी घेऊन खाली. ती दांडा हलवी आणि उस्ताद एकेका सांध्यावर बोट ठेवून पाहत. सांध्याच्या एका बाजूने हालचाल सुरू होते आणि दुसरी बाजू जरा उशिरा जागी होते, तिथे झीज. ही युक्ती एवढी सोपी आहे, की घरच्या दोन माणसांनाही करता येईल. पहिला सांधा ढिला होता. दुसरा त्याहून ढिला. गिअरबॉक्स ज्या रबरी आधारावर बसतो, तो फाटला तरी गिअर चुकतात, तोही तपासला. तो शाबूत होता.

तिसऱ्या सांध्याशी उस्ताद थांबले. चिखलाच्या लगद्यातून त्यांनी नखाने काहीतरी ओढून काढले. सायकलच्या ट्यूबची पट्टी होती, वर बारीक तार गुंडाळलेली.

"ये किसने बाँधा है?" त्यांनी विचारले.

मी काही बोललो नाही.

वाचकहो, ती पट्टी मीच बांधली होती. व्हॅन बहिणीला देण्याच्या आदल्या वर्षीची गोष्ट. दांडा किंचित खडखडत होता. खाली पाहिले तर रॉडवरचे रबरी बूट फाटलेले. नवे आणायचे राहून गेले. एका रविवारी ट्यूबची पट्टी गुंडाळली, खडखड थांबली आणि मीच माझी पाठ थोपटून घेतली. पण त्या पट्टीने आवाज थांबला, झीज थांबली नाही. फाटक्या बुटातून धूळ आणि पावसाळ्यातला चिखल आत जात राहिला. जुन्या ग्रीसमध्ये बारीक वाळू मिसळली, की त्याचा वंगणासारखा उपयोग राहत नाही. तो पॉलिश पेपरसारखा घासू लागतो. पिना आणि बुश वर्षानुवर्षे त्यातच फिरत होते. चढावरची ती मुलगी चपळ नसती तर? हा विचार मनातून जात नव्हता.

दुरुस्ती कशी झाली

उस्तादांनी रॉड सोडवण्याआधी त्याच्या जोडावर पांढऱ्या रंगाने खूण केली. ही खूण नसेल तर परत जोडताना लांबी चुकते आणि नवे बुश घालूनही गिअर सापडत नाहीत. मग सगळे भाग रॉकेलने धुतले. पिनेवरून नख फिरवले तर मधोमध खळगा लागत होता. पिना बदलायच्या ठरल्या. दांड्याखालची नायलॉनची वाटी आणि सर्व बुश नवे.

खरी अडचण पुढेच होती. एका सांध्याचे भोक गोल राहिले नव्हते, झिजून अंडाकृती झाले होते. अशा भोकात नवे बुश बसवले तर महिन्याभरात पुन्हा तीच तक्रार. घाईचा मेकॅनिक इथेच चुकतो आणि मग बिचाऱ्या नव्या भागाला नावे ठेवली जातात.

इथे मात्र जबलपूरकर भाग्यवान. १९०४ सालची गन कॅरेज फॅक्टरी आणि १९६९ सालची व्हेइकल फॅक्टरी यांनी या शहरात फिटर-टर्नरांच्या पिढ्या घडवल्या. लष्कराची प्रसिद्ध 'जोंगा' गाडी इथलीच. जबलपूर ऑर्डनन्स अँड गनकॅरेज असेंब्ली या शब्दांवरूनच तिचे नाव पडले. फॅक्टरीतून निवृत्त झालेले असेच एक टर्नर शेजारच्या गल्लीत लेथ चालवतात. त्यांनी ते भोक मोठे करून पुन्हा गोल केले आणि त्यात पोलादी स्लीव्ह ठोकून बसवली. काम अर्ध्या तासाचे, पण माप असे की नवी पिन अंगठ्याने दाबली की आत सरकावी आणि हलवली तर हलू नये.

मी विचारले, नायलॉनऐवजी पितळी बुशच का घालू नयेत? कायमचे काम होईल. उस्ताद हसले. पितळ टिकते खरे, पण त्याला वेळच्या वेळी ग्रीस लागते आणि इंजिनचा थरकाप ते सरळ हातापर्यंत पोचवते. नायलॉन थोडा थरकाप पोटात घेते. शिवाय झिजायचेच असेल, तर स्वस्त बुश झिजावे, महागडी पिन नको.

शेवटी गिअरबॉक्स न्यूट्रलमध्ये ठेवून, दांडा सरळ मध्यावर उभा करून, खुणेला खूण जुळवून जोड आवळला. स्प्लिट पिना नव्या घातल्या. जुनी वाकवलेली पिन किंवा तारेचा तुकडा तिथे चालत नाही. सांधा चालत्या गाडीत सुटला, तर दांडा हातात राहतो आणि गाडी आहे त्या गिअरमध्ये अडकते. सर्वांत शेवटी नवे रबरी बूट चढवले. जे मी तेव्हा आणले नव्हते, ते.

लेथ, मजुरी आणि सामान धरून खर्च बहिणीच्या दोन दिवसांच्या भाजीइतका आला. गिअरबॉक्सला कुणी हातही लावला नाही.

आपल्या घरी जुनी गाडी असेल तर

१९८४ साली आलेल्या या व्हॅनचे उत्पादन २०१९ साली थांबले. तरी किराणा, डबे, लग्नाचे सामान वाहणाऱ्या कितीतरी व्हॅन अजून रस्त्यावर आहेत. त्यांच्या मालकांना एवढेच सांगावेसे वाटते:

दांडा ढिला वाटू लागला, की सवय करून घेऊ नका. ढिलाई एका दिवसात येत नाही आणि म्हणूनच ती लक्षात येत नाही. कधीतरी दुसऱ्या कुणाला गाडी चालवायला द्या. त्याच्या हाताला ती चटकन कळते.

दर पावसाळ्यानंतर रबरी बूट पाहून घ्या. फाटले असेल तर त्याच आठवड्यात बदला.

कुणी गिअरबॉक्स उतरवायचा म्हटले, तर आधी शांतपणे विचारा, "बाहेरचे सांधे पाहिलेत का? मला दाखवता का?" प्रामाणिक कारागीर रागावणार नाही, खाली बोलावून दाखवील.

आणि ट्यूबची पट्टी सायकललाच राहू द्या.

चौथ्या दिवशी बहिणीबरोबर मी मुद्दाम त्याच चढावर गेलो. अर्ध्यावर तिने व्हॅन थांबवली, हँडब्रेक ओढला, मागे कुणी नाही हे आरशात पाहिले. पहिला गिअर टाकला. 'टक्' असा लहानसा आवाज झाला आणि व्हॅन जराही मागे न जाता वर निघाली. तिने लगेच काही म्हटले नाही. चढ संपल्यावर म्हणाली, "दादा, ती ट्यूब तूच बांधली होतीस ना?"

"हो."

"मला गॅरेजमध्येच कळलं. तारेची गाठ तुझीच होती." मग घड्याळ पाहून म्हणाली, "चल आता. रुग्णालयातले डबे बाराच्या आत पोचायला हवेत."