बिघडलेले ऋतू, बिनचूक वसुली

परभणी तालुक्यातील झरीच्या शिवारात कालगणना दोन प्रकारे चालते. एक नक्षत्रांची, दुसरी पतपुरवठ्याची. रोहिणीत रान तयार करावे, मृगात पेरावे, हस्ताच्या ओलीवर रब्बी ज्वारी टाकावी, हे पहिलीचे वेळापत्रक. कर्ज केव्हा फेडावे, विम्याचा अर्ज केव्हा भरावा, हे दुसरीचे. पहिली मोडून पडली आहे; दुसरी एका दिवसानेही ढळत नाही. मराठवाड्याच्या शेतीसंकटाचे मर्म या विसंगतीत आहे. ते ‘निसर्गाच्या लहरी’त शोधणे ही एक तर आत्मवंचना आहे किंवा लबाडी.

२०१४ च्या फेब्रुवारी-मार्चमध्ये, रब्बीचे पीक हाताशी आले असताना, मराठवाड्यावर गारपीट झाली. २०१९ साली काढणीच्या ऑक्टोबरात पावसाने झोडपले. २०२३ चा ऑगस्ट देशात १९०१ नंतरचा सर्वांत कोरडा ऑगस्ट ठरला. २०२५ साली मोसमी पाऊस २६ मे रोजीच मुंबईत पोहोचला आणि सप्टेंबरात मराठवाड्यात उभ्या पिकांसह माती वाहून गेली. मोसमी पाऊस वायव्य भारतातून परतू लागण्याची सर्वसाधारण तारीख हवामान विभागाने २०२० साली १ सप्टेंबरवरून १७ सप्टेंबर केली. म्हणजे सरकारच्याच एका खात्याने पंचांग बदलले. महसूल, सहकार आणि अर्थ या खात्यांपर्यंत ती वार्ता पोहोचलेली दिसत नाही.

नदीत सोडलेले रसायन पाणी नासवते. चिमणीतून सुटलेला कर्बवायू काळ नासवतो. औद्योगिक क्रांतीपूर्वी हवेच्या दहा लाख भागांत या वायूचे सुमारे २८० भाग होते. २०२४ साली ते ४२० च्या वर गेले. हा वायू शतकानुशतके हवेत राहतो. मँचेस्टरच्या गिरण्यांनी ज्या धुरावर नफा कमावला, त्याची किंमत झरीचा कोरडवाहू शेतकरी आज दुबार पेरणीच्या बियाण्यात मोजतो आहे. तापलेली हवा अधिक बाष्प धरते आणि पाऊस कोसळतो तेव्हा एकदम कोसळतो. यात दैव कोठे आले?

भारताचे दरडोई उत्सर्जन अमेरिकेच्या मानाने फारच थोडे आहे, असे सांगितले जाते. ते खरे आहे आणि आंतरराष्ट्रीय व्यासपीठावर ठणकावून सांगितलेच पाहिजे. परंतु सरासरी ही मोठी सोयीची चादर असते. वातानुकूलित मनोऱ्यातील उद्योगपती आणि झरीची खुरपणारी मजूर बाई यांना तिच्याखाली एकत्र झोपवता येते. या बाईजवळ विकण्यासारखे काय आहे? तिचा दिवस. तो साठवून ठेवता येत नाही. पाऊस लांबला की निंदणीचे दिवस बुडतात. बुडालेल्या दिवसाचा पंचनामा कोणताही तलाठी करीत नाही.

शेतकऱ्याने हवामानानुसार बदलावे, असा उपदेश तज्ज्ञ करतात. त्याने बदलावे, पण त्याचा सावकार, त्याची बँक आणि त्याचे सरकार यांनी का बदलू नये? पीककर्जावरील व्याजाची सवलत मुदतीत फेडणाऱ्यालाच मिळते. पाऊस महिनाभर लांबला म्हणून मुदत महिनाभर लांबत नाही. आपत्ती जाहीर झाल्यास कर्जाचे पुनर्गठन होते. मात्र ती जाहीर करणे सरकारच्या मर्जीवर.

२०२५ चा खरीप या व्यवस्थेचा आरसाच ठरला. राज्य सरकारने त्या हंगामात पीकविम्यातून स्थानिक आपत्ती आणि काढणीपश्चात नुकसान यांची भरपाई वगळली. उरला तो पीककापणी प्रयोगातील सरासरीचा हिशेब. सप्टेंबरात पूर आला. आणि त्याच महिन्यात, २२ तारखेपासून, दिल्लीने कोळशावरील टनामागे ४०० रुपयांचा उपकर रद्द केला. हा उपकर २०१० साली ५० रुपयांनी सुरू झाला होता, तो स्वच्छ ऊर्जेसाठी. २०१७ साली तो राज्यांच्या करभरपाईकडे वळवला गेला आणि शेवटी संपवला गेला. कोळशावरील वस्तू व सेवा कर ५ वरून १८ टक्के झाला, हे खरे. परंतु धुराच्या नावाने वेगळा काढलेला पैसा कोठेच उरला नाही.

म्हणून मागणी दयेची नाही, हिशेबाची आहे. कोळसा जाळणाऱ्यांवर पुन्हा उपकर बसवा आणि तो थेट कोरडवाहू जिल्ह्यांच्या स्वतंत्र निधीत टाका. कर्जफेडीची मुदत महसूल मंडळातील पर्जन्यमापकाशी बांधा. वगळलेली विमाभरपाई कायमची परत द्या. पावसामुळे बुडालेल्या दिवसांची मजुरी रोजगार हमीतून मिळावी. ज्या महाराष्ट्राने १९७२ च्या दुष्काळात या हमीचा पाया घातला, त्याला हे अवघड वाटू नये. ऋतू ज्यांनी बिघडवले, त्यांच्याकडून त्याची भरपाई वसूल झाली पाहिजे. तोवर झरीच्या शेतकऱ्याला वक्तशीरपणाचे धडे देण्याचा अधिकार कोणत्याही वसुली अधिकाऱ्याला नाही.