नखाखालचे हाड

तारापूरच्या कारखान्यात किंवा बोईसरच्या गोदामात अंगठ्यावर पेटी पडते, नख काळवंडते आणि प्रसंग विस्मरणात जातो. पुढे कधीतरी नख वर उचलले जाते व खाली टणक गाठ लागते. तिला चामखीळ किंवा रुतलेले नख समजून मलमे लावली जातात. क्वचित नखच काढले जाते, गाठ मात्र तशीच! वस्तुतः ती हाडाची वाढ, कर्करोग नव्हे. फ्रेंच शल्यविशारद ड्युप्युट्रेन यांनी १८१७ मध्ये तिचे वर्णन केले. तरुणांत ती अधिक आढळते. मार हे तिचे एक कारण मानतात. नखाला हात लावण्यापूर्वी साधा एक्स-रे काढावा. निदान बहुधा तेथेच होते. शस्त्रक्रियेत गाठ कूर्चेच्या टोपीसह मुळापासून निघाली पाहिजे, अन्यथा ती पुन्हा वाढते. जखम भरेपर्यंत दुकानदाराने उभे न राहता गल्ल्यावर बसावे.