लोकशाहीर म्हटले, नट कधी म्हणणार?



परदेशातील आपल्या स्मरणिकांतून दरवर्षी गुणवंतांचा गौरव होतो. वैद्यक, अभियांत्रिकी, संगणकशास्त्र, कायदा अशा क्षेत्रांत नाव मिळविलेल्या आपल्या मुलामुलींची छायाचित्रे अभिमानाने छापली जातात. हा अभिमान रास्तच आहे. ज्यांच्या आजोबा-पणजोबांना अक्षर नाकारले गेले त्यांनी जगातील विद्यापीठांच्या पदव्या मिळवाव्यात, हा बाबासाहेबांच्या लढ्याचाच विजय होय. तथापि केंब्रिज आणि परिसरात राहणाऱ्या आम्हा काही बौद्ध कुटुंबांना एक प्रश्न जाहीरपणे विचारावयाचा आहे. या गौरवात नट कोठे आहे? नटी कोठे आहे? आपल्या समाजात थोर नट जन्मलेच नाहीत, की ते जन्मले, मोठे झाले, आणि त्यांना त्या नावाने हाक मारावी असे कोणालाच वाटले नाही?

आमचे उत्तर निःसंदिग्ध आहे. ते जन्मले आणि मोठेही झाले. सर्वांच्या ओळखीचे एकच नाव घेतो: विठ्ठल उमप.

एक आयुष्य, दोन मोजमापे

विठ्ठल उमप यांचा जन्म 15 जुलै 1931 रोजी मुंबईतील नायगावचा. कामगार वस्तीत वाढलेला हा माणूस भीमगीते, पोवाडे, लावणी, भारूड, गोंधळ, कव्वाली अशा नाना प्रकारांत सहजतेने वावरला. आयर्लंडमधील कॉर्क येथील लोककला महोत्सवापर्यंत त्यांचा आवाज पोहोचला. हे सर्व आपल्याला ठाऊक आहे, कारण त्यांचा आवाज आपल्या घराघरांत आहे. परंतु त्यांच्या आयुष्याचा दुसरा अर्धा भाग आपल्या मुलांना कोणी सांगितला आहे काय?

'जांभूळ आख्यान' हे उमपांचे गाजलेले रंगनाट्य. पाच पतींच्या द्रौपदीच्या मनात कर्णाविषयी ओढ उपजते, आणि जे मनात दडवले आहे ते अखेर उघड करावे लागते, ही त्याची लोककथेतून आलेली गोष्ट. या आख्यानाचे शेकडो प्रयोग उमपांनी केले. निवेदन करणारा तोच, गाणारा तोच, आणि द्रौपदीही तोच. पुरुषाच्या देहाने, पुरुषाच्या कंठाने एका स्त्रीची चोरटी अभिलाषा, तिची भीती आणि तिची कबुली प्रेक्षकांसमोर उभी करावयाची. क्षणात त्या व्यथेतून बाहेर येऊन निवेदकाच्या खट्याळपणे प्रेक्षकांना हसवावयाचे. आणि पुन्हा क्षणात द्रौपदी व्हावयाचे. याला अभिनय म्हणावयाचे नाही तर कशाला म्हणावयाचे? साठी-सत्तरीच्या वयातही त्यांचा हा रंगमंचावरील वावर थांबला नाही. 'टिंग्या' (2008) या मंगेश हाडवळे यांच्या चित्रपटातही आपण त्यांना पाहिले.

26 नोव्हेंबर 2010 रोजी, म्हणजे संविधान स्वीकृतीच्या दिवशी, नागपूरच्या दीक्षाभूमीवर लॉर्ड बुद्धा वाहिनीच्या उद्घाटन सोहळ्यात ते व्यासपीठावरच कोसळले आणि त्यांचे निधन झाले. वय 79. निधनानंतर सर्वत्र एकच शब्द छापून आला: लोकशाहीर.

हा शब्द मानाचा आहे, त्याविषयी आमची तक्रार नाही. आमची तक्रार आहे ती त्याच्या आड होणाऱ्या वाटणीविषयी. बंदिस्त नाट्यगृहात, तिकीट लावून, दुसऱ्याने लिहिलेली एक भूमिका करणारा तो 'नट'. आणि उघड्या पटांगणात, मागे चार झीलकरी घेऊन, एकट्याने अनेक पात्रे उभी करणारा तो 'लोककलावंत'. पहिल्याच्या कामगिरीला 'प्रतिभा' म्हणावयाचे आणि दुसऱ्याच्या कामगिरीला 'परंपरा'. प्रतिभा माणसाची असते, तिच्या मागे कष्ट, अभ्यास व बुद्धी आहे असे मानले जाते. परंपरा मात्र जणू रक्तातून आपोआप वाहत येते, तिच्यासाठी कोणी घाम गाळावा लागत नाही! हा भेद कलेच्या शास्त्रातून आला की जातीच्या शास्त्रातून, हे वाचकांनीच ठरवावे.

आपल्याच घरातील नकार

परंतु सर्व दोष प्रस्थापितांच्या माथी मारून भागणार नाही. उमपांची भीमगीते तेवढी आपली आणि त्यांची द्रौपदी परकी, असे म्हणणारे आपल्यातही आहेत. बौद्ध माणसाने महाभारतातील पात्र कशाला करावे, खंडोबाचे लग्न कशाला रंगवावे, असा त्यांचा आक्षेप असतो. आम्ही उलट विचारतो: पात्र करणे म्हणजे त्या पात्राची पूजा करणे काय? न्यायाधीशाची भूमिका करणारा न्यायाधीश होत नाही आणि खुन्याची भूमिका करणारा खुनी होत नाही. द्रौपदीच्या पावित्र्याच्या कथेतून तिचे माणूसपण बाहेर काढून दाखविणारा नट त्या ग्रंथाची आरती करीत नाही, त्याची उलटतपासणी करतो.

दुसरा आक्षेप अधिक जुना आणि अधिक गंभीर आहे. 'नाचगाणे आपल्यावर लादले गेले होते. त्यातून बाहेर पडण्यासाठीच बाबासाहेबांनी आपल्याला शिकविले. मग पुन्हा त्यात कशाला?' या आक्षेपामागे खरी जखम आहे. पठ्ठे बापूराव आणि पवळाबाई यांच्या तमाशाची मिळकत बाबासाहेबांनी चळवळीसाठी स्वीकारली नाही, ही हकीकत आपल्या समाजात सर्वश्रुत आहे. महार स्त्रीला फडावर नाचवून मिळालेला पैसा त्यांना नको होता. तमाशातील दलित स्त्रियांचे शोषण, त्यांची कला आणि त्यांचा आत्मसन्मान यांतील हा पेच अमेरिकेत अध्यापन करणाऱ्या इतिहासकार शैलजा पाईक यांनी 2022 च्या आपल्या ग्रंथात सविस्तर मांडला आहे. या संशोधिकेला 2024 मध्ये मॅकआर्थर फेलोशिप मिळाली, ही आपल्या सर्वांच्या अभिमानाची गोष्ट आहे.

पण बाबासाहेबांनी नाकारला तो अपमान. अभिनय त्यांनी कधीच नाकारला नाही. 1930 च्या दशकात नाशिकचे भीमराव कर्डक आणि त्यांचे सहकारी गावोगाव आंबेडकरी जलसे करीत होते. गण-गवळणीचा जुना साचा मोडून त्यांनी शिक्षण, अस्पृश्यता आणि सावकारी यांवरचे संवाद रंगविले. आपल्या दहा सभांचे काम कर्डकांचा एक जलसा करतो, अशा आशयाचे उद्गार बाबासाहेबांनी काढल्याचे पिढ्यान् पिढ्या सांगितले जाते. 1955 मध्ये औरंगाबादच्या मिलिंद महाविद्यालयात म. भि. चिटणीस यांचे 'युगयात्रा' हे नाटक विद्यार्थ्यांनी बाबासाहेबांच्या उपस्थितीत केले, आणि पुढे ते 1956 च्या धम्मदीक्षेच्या वेळी नागपुरातही सादर झाले. ज्या महाविद्यालयातून त्यांना विद्वान घडवावयाचे होते, त्याच महाविद्यालयात त्यांनी नाटकही पाहिले. यातून बोध घ्यावयाचा नाही काय?

'त्याने स्वतःचीच भूमिका केली'

उमपांवर एक अन्याय झाला, तर वीरा साथीदार यांच्यावर दुसऱ्या प्रकारचा. नागपूरचे हे कार्यकर्ते, 'विद्रोही' नियतकालिकाचे संपादक, चैतन्य ताम्हाणे यांच्या 'कोर्ट' या चित्रपटात लोकशाहीर नारायण कांबळे झाले. गटारात उतरणाऱ्या एका कामगाराने शाहिराचे गाणे ऐकून आत्महत्या केली, असा आरोप ठेवून त्या शाहिराला न्यायालयात उभे केले जाते, हे त्याचे कथासूत्र. 2014 मध्ये व्हेनिसच्या महोत्सवात या चित्रपटाला दोन पारितोषिके मिळाली, त्या वर्षीच्या सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, आणि 2015 मध्ये भारताकडून ऑस्करसाठी त्याची निवड झाली.

साथीदारांविषयी मात्र आपल्या आणि परक्यांच्या बैठकांत एकच वाक्य आम्ही ऐकत आलो: कार्यकर्ताच तो, त्याने स्वतःचीच भूमिका केली. हे वाक्य वरकरणी कौतुकाचे आहे आणि मुळात अवमानाचे. चित्रपटाच्या आरंभी नारायण कांबळे मुलांची शिकवणी घेताना दिसतात. नंतर बसने प्रवास करतात आणि मग मंचावर उभे राहून गातात. तीच व्यक्ती, पण वर्गात एक, रस्त्यावर दुसरी, मंचावर तिसरी. पुढे न्यायालयाच्या दृश्यांत कॅमेरा दूरवर स्थिर उभा असतो. जवळून घेतलेला चेहरा नाही, भावना उचलून धरणारे पार्श्वसंगीत नाही. वकील बोलतात, न्यायाधीश पुढची तारीख देतात आणि आरोपी थकलेल्या देहाने नुसता बसून राहतो. काहीही न करता पडद्यावर असणे हे नटाच्या दृष्टीने सर्वांत अवघड काम. सवर्ण नटाने हे केले असते तर त्यावर 'संयत अभिनय' म्हणून लेख आले असते. आपल्या माणसाने केले तेव्हा तो 'स्वतःच' ठरला!

त्याच चित्रपटात सरकारी वकील बाई कुटुंबासह नाटकाला जातात. परप्रांतीयांची टर उडविणाऱ्या त्या नाटकाला भरगच्च प्रेक्षागृह टाळ्या देते. तेथे कोणाला अटक होत नाही. एका मंचावर द्वेष खपतो आणि दुसऱ्या मंचावर वेदना गुन्हा ठरते. कोणाच्या रंगभूमीला 'कला' म्हणावयाचे आणि कोणाच्या रंगभूमीला 'चिथावणी', याचे इतके नेमके दर्शन दुसरीकडे क्वचितच सापडेल.

13 एप्रिल 2021 रोजी, भीमजयंतीच्या आदल्या दिवशी, कोरोनाने वीरा साथीदार यांना नेले.

1855 सालचे दोन प्रसंग

आता आम्ही राहतो त्या गावाकडे वळू. 1855 मध्ये पुण्यात महात्मा फुले यांनी 'तृतीय रत्न' हे नाटक लिहिले. भोळ्या शेतकरी जोडप्याला लुबाडणारा जोशी आणि त्या जोडप्याला गवसलेली शिक्षणाची वाट हा त्याचा विषय. दक्षिणा प्राइज कमिटीने ते नाकारले, आणि पुढे सव्वाशे वर्षांच्या जवळपास ते छापलेही गेले नाही. त्याच 1855 साली केंब्रिजमध्ये विद्यार्थ्यांनी अमॅच्युअर ड्रॅमॅटिक क्लब स्थापन केला. पार्क स्ट्रीटवरील त्याच्या नाट्यगृहात आजही विद्यार्थी नाटके करतात. एका बाजूला नाटकाची वही बंद पेटीत पडून राहिली, दुसऱ्या बाजूला नाटकाला स्वतःची इमारत मिळाली. नटांच्या पिढ्या कोठे घडल्या आणि कोठे घडू दिल्या गेल्या नाहीत, याचे कारण शोधावयास आणखी पुरावा हवा काय?

इयान मॅकेलन येथलेच विद्यार्थी, डेरेक जेकोबी येथलेच, एमा थॉम्सन येथलीच. नाटकामुळे त्यांचे शिक्षण फुकट गेले असे या गावात कोणी म्हणत नाही. आणखी एक गोष्ट आपल्यासाठी विशेष महत्त्वाची. येथील आर्ट्स थिएटर 1936 मध्ये उभारले ते अर्थशास्त्रज्ञ जॉन मेनार्ड केन्स यांनी. ज्यांच्या चलनविषयक मतांचे खंडन बाबासाहेबांनी 1923 च्या 'द प्रॉब्लेम ऑफ द रुपी' या ग्रंथात केले, तेच हे केन्स. चलनाचा एवढा मोठा पंडित आपल्या गावाला नाट्यगृह हवे म्हणून स्वतःचे पैसे घालतो. आणि आपल्या घरांतून मात्र, मुलीने शाळेत नाटक हा विषय घ्यावयाचा म्हटला की चिंतेची बैठक भरते!

उत्पन्नाची अनिश्चितता आम्हाला मान्य आहे. गहाणकर्जाचे हप्ते टाळ्यांनी फिटत नाहीत. परंतु अनिश्चितता हे एक कारण आहे आणि लाज हे दुसरे. पहिल्याच्या पांघरुणाखाली दुसरे लपविले जाते, त्यास आमचा विरोध आहे.

आमची मागणी

म्हणून आम्ही या स्मरणिकेच्या वाचकांसमोर चार गोष्टी ठेवतो.

पहिली, विठ्ठल उमप आणि वीरा साथीदार यांचा उल्लेख करताना शाहीर आणि कार्यकर्ते या शब्दांच्या जोडीने 'नट' हा शब्द लिहा व बोला.

दुसरी, जयंतीच्या कार्यक्रमांत चित्रपटगीतांवरील नृत्यांना जेवढा वेळ मिळतो, त्यातील अर्धा तास नाटकाला द्या. प्रेमानंद गज्वी यांची 1977 ची 'घोटभर पाणी' ही एकांकिका केवळ दोन पात्रांची आहे. नेपथ्य नाही, खर्च नाही. दोन धीट मुले आणि त्यांची तालीम घेणारा एक मोठा माणूस पुरेसा आहे. येथे वाढलेल्या मुलांच्या मराठीलाही त्याचा लाभ होईल.

तिसरी, ज्यांच्याकडे उमपांच्या किंवा अन्य आंबेडकरी कलावंतांच्या जुन्या ध्वनिफिती व चित्रफिती आहेत त्यांनी त्या नव्या माध्यमात उतरवून जतन कराव्यात. फीत झिजते, बुरशी धरते, आणि नटाचे काम छापील पुस्तकासारखे मागे उरत नाही.

चौथी, ज्या मुलाला वा मुलीला अभिनयाचे शिक्षण घ्यावयाचे आहे, तिची आपल्या गुणगौरवात दखल घ्या. शिष्यवृत्ती देताना वैद्यक आणि रंगभूमी यांत उच्च-नीच मानू नका. उतरंड मोडण्यासाठी जन्मलेल्या चळवळीने विद्याशाखांची नवी उतरंड रचू नये.

बाबासाहेबांनी आपल्याला माणूस म्हणून उभे केले. माणूस उभा राहिला की तो बोलतो, हसतो, रडतो, दुसऱ्याचे दुःख आपल्या देहावर घेऊन चारचौघांत दाखवितो. या शेवटच्या कामाला अभिनय म्हणतात. ते काम आपल्या माणसांनी अपार कष्टाने केले आहे. त्याचे नाव त्यांना मिळालेच पाहिजे.

जय भीम! नमो बुद्धाय!