थकलेलं बिल आणि कोर्टातील तडजोड: सही करण्याआधी काय पाहाल?

समजा, लातूरच्या डाळमिलने नांदेडच्या नव्या मोंढ्यातील व्यापाऱ्याला १८ लाखांची तूरडाळ उधारीवर दिली. बिल थकले, चेक परतला, फोन उचलणे बंद झाले. पूर्वी अशा वेळी वकील गाठून थेट वसुलीचा दावा टाकला जाई. आता आधी मध्यस्थीचे दार वाजवावे लागते.

२०१५ च्या व्यापारी न्यायालये कायद्यात २०१८ मध्ये दुरुस्ती झाली. दाव्याची किमान रक्कम १ कोटीवरून ३ लाखांवर आली आणि बड्या कंपन्यांचा वाटणारा कायदा मराठवाड्याच्या आडत दुकानात पोचला. कलम १२-अ तेव्हाच आले. दाव्याआधीची ही मध्यस्थी सक्तीची आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने 'पाटील ऑटोमेशन' प्रकरणात ऑगस्ट २०२२ मध्ये स्पष्ट केले. ती टाळली तर दावा फेटाळला जाऊ शकतो. अपवाद फक्त मनाई हुकमासारख्या तातडीच्या मागणीचा. तोही नावापुरता नको, तातडी खरी आहे का हे न्यायालय पाहते.

अर्ज जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे करायचा. मुदत ३ महिने, दोघांच्या संमतीने आणखी २. हा काळ दाव्याच्या मुदतीत धरला जात नाही. केंद्राच्या नियमांनुसार १८ लाखांच्या वादात मध्यस्थाचे शुल्क ३० हजार, म्हणजे प्रत्येकी १५ हजार. समोरचा फिरकलाच नाही तर तसा अहवाल मिळतो आणि दाव्याचा रस्ता मोकळा होतो. केवळ या कागदासाठी अर्ज करणारेही असतात, पण त्यात पैसे लवकर सुटण्याची संधी हातची जाते. इथे जमलेल्या तडजोडीला लवाद निवाड्याचा दर्जा आहे.

दावा सुरू झाल्यावरही तडजोड करता येते. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २३, नियम ३ नुसार ती लेखी आणि पक्षकारांच्या सहीची हवी. ती कायदेशीर असल्याची खात्री पटल्यावर न्यायाधीश हुकूमनामा देतात. लोकअदालतीत मिटले तर निवाडा हुकूमनाम्यासारखाच अमलात येतो, शिवाय कोर्ट फी परत मिळते.

मात्र संमतीच्या हुकूमनाम्यावर अपील नाही. तडजोड बेकायदा होती म्हणून नवा दावाही चालत नाही. फसवणूक झाली असेल तर त्याच न्यायालयात जावे लागते. म्हणूनच खरी लढाई मसुद्यात असते, आणि आपल्याकडे नेमके तिथेच घाईने 'मिटवून टाका' म्हटले जाते.

डाळमिलने १८ ऐवजी १५ लाखांवर, ५ हप्त्यांत मिटवले असे धरू. सूट कधी लागू, हे लिहिले नाही तर देणेकरी दोन हप्ते भरून थांबेल आणि वसुली १५ लाखांपुरतीच उरेल. 'एक हप्ता चुकला तर सूट रद्द, पूर्ण १८ लाख ठरलेल्या व्याजासह एकदम देय' हे वाक्य हवेच. हप्त्याच्या तारखा आणि बँक खाते लिहा. चेकचा फौजदारी खटला चालू असेल तर तो पहिल्या हप्त्याला मागे घ्यायचा की शेवटच्या, तेही. देणेकऱ्याने शेवटच्या हप्त्यानंतर 'काही येणे बाकी नाही' असा दाखला मागावा.

पैशांऐवजी गाळा किंवा प्लॉट देऊन मिटवत असाल तर आणखी एक गोष्ट. ती मिळकत मूळ दाव्याचा विषय नसेल, तर नुसता हुकूमनामा पुरत नाही, त्याची नोंदणी करावी लागते.