रिमोट फोडून अंगठा बरा होत नाही

दिवाळी होऊन आठवडा झाला असेल. दवाखान्यात आई-वडील आणि बावीस-तेवीस वर्षांचा मुलगा असे तिघं आले. (ओळख पटू नये म्हणून काही तपशील बदललेत.) मुलगा बसायच्या आत वडिलांनी पिशवीतून एक वस्तू काढून माझ्या टेबलावर आपटली. काळा, दोन मुठींचा, वर दोन टोप्यांसारख्या काड्या असलेला गेमचा कंट्रोलर. आमच्या फाट्यावर त्याला सगळे रिमोटच म्हणतात.

"साहेब, ह्याच्यापायी पोराचा अंगठा गेला. रातच्याला कॉम्प्युटरला जोडून बसतो. आज तुमच्यासमोरच फोडतो बगा."

म्हटलं, "दादा, आधी अंगठा बघू, रिमोट नंतर फोडू."

गेले काही महिने असे रुग्ण वाढलेत आणि प्रत्येक वेळी घरच्यांनी निदान आधीच करून आणलेलं असतं, म्हणून यावर सविस्तर लिहितोय. माझं मत सुरुवातीलाच सांगतो: कॉम्प्युटरवर गेम खेळायचाच असेल, तर बहुतेकांच्या मनगटाला कीबोर्ड-माऊसपेक्षा कंट्रोलर सोपा जातो. अंगठ्याला मात्र तो जड जातो. या दोन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या आहेत.

आधी कीबोर्डचं बघू. कीबोर्डवरच्या बहुतेक गेममध्ये डावा हात चार अक्षरांवर रोवलेला असतो आणि करंगळी शिफ्ट-कंट्रोलच्या बटणांकडे ताणलेली असते. त्यामुळे मनगट करंगळीच्या बाजूला वाकतं, शिवाय वर उचललेलं राहतं. उजवा हात माऊसवर, खांदा थोडा वर. टेबल उंच आणि खुर्ची प्लास्टिकची असेल (आपल्याकडे असतेच), तर मनगट टेबलाच्या कडेवर टेकतं. मनगटाच्या तळव्याकडच्या बाजूला एका अरुंद जागेतून हाताची मुख्य नस जाते, तिच्यावर तासन् तास दाब येतो. मग अंगठा, तर्जनी, मधलं बोट आणि अनामिकेचा अर्धा भाग रात्री बधिर होतो, हात झटकला की बरं वाटतं. हा कार्पल टनेल. मधुमेह, थायरॉइड, गरोदरपण यांत तो जास्त दिसतो, म्हणून अशा तक्रारीत मी रक्तातली साखर आणि थायरॉइड बघतो.

कंट्रोलर हातात धरला की दोन्ही मनगटं बरीचशी सरळ राहतात. हात मांडीवर टेकवता येतात, खांदे खाली येतात, पडद्यापासून चार फूट मागे बसता येतं. फक्त चालणं, वळणं, उडी मारणं, मारामारी ही सगळी कामं आठ बोटांकडून काढून दोन अंगठ्यांकडे जातात. चिमटीत एखादी वस्तू दाबली, की अंगठ्याच्या मुळाशी असलेल्या सांध्यावर त्या जोराच्या सुमारे बारापट भार येतो. अंगठ्याची रचनाच तशी आहे.

अंगठा मागे खेचणाऱ्या दोन शिरा (डॉक्टरी भाषेत स्नायूबंध) मनगटाच्या अंगठ्याकडच्या हाडावरून एका म्यानातून जातात. पायजम्याची नाडी नेफ्यातून जाते तशा. अंगठा पुन्हा पुन्हा उघड-मिट झाला, की म्यान जाड होतं आणि नाडी अडकायला लागते. फ्रिट्झ डी क्वेर्वेन नावाच्या स्विस सर्जननं १८९५ साली याचं वर्णन केलं, आजाराला नावही त्याचंच आहे. तेव्हा कॉम्प्युटर नव्हता आणि रिमोटही नव्हता.

मुलाला म्हटलं, अंगठा आत घेऊन मूठ आवळ आणि मनगट हळूच करंगळीकडे झुकव. तो जागेवरच कळवळला. (घरी करून बघाल तर जोर लावू नका. थोडा ताण सगळ्यांनाच जाणवतो. अंगठ्याच्या मुळाशी, मनगटाच्या हाडावर कळ उठली तरच ती खूण धरायची.)

"बगा, म्हणलं नव्हतं?" वडील.

मग मी नेहमीचा प्रश्न विचारला: दिवसभर काय करतोस? तो ऑनलाइन अर्ज भरण्याच्या दुकानात कामाला आहे. त्या महिन्यात अतिवृष्टीच्या अनुदानाच्या केवायसीची गर्दी होती. सकाळी आठ ते रात्री आठ टायपिंग. मोबाइलवर येणारे ओटीपी बघायचे. आणि जे मला आजवर कोणी सांगितलं नव्हतं ते त्यानं सांगितलं. शेतात काम करून म्हाताऱ्या माणसांच्या बोटांच्या रेषा झिजलेल्या असतात, मशीन त्यांचा अंगठा घेत नाही. मग हा त्यांचा अंगठा आपल्या अंगठ्याखाली धरून काचेवर दाबतो. एकदा, दोनदा, पाच वेळा. दिवसाला साठ-सत्तर माणसं.

रात्री गेम किती वेळ? "दीड-दोन तास. कधी कधी तीन."

आता सांगा, दोष रिमोटचा किती? आहे, नाही असं नाही. दिवसभर दमलेल्या अंगठ्याला रात्री तोच पुन्हा जुंपतो. पण रिमोट फोडला असता तर दुसऱ्या दिवशी सकाळी आठला अंगठा तिथंच, काचेवर असता.

गेममुळे असं होतच नाही, असा याचा अर्थ कोणी काढू नये. १९९० साली अमेरिकेतल्या एका प्रतिष्ठित वैद्यकीय नियतकालिकात एका डॉक्टरनं पस्तीस वर्षांच्या बाईची हकीकत छापली होती. सलग पाच तास निन्टेन्डो खेळून तिचा उजवा अंगठा धरला. त्या दुखण्याला त्यानं गमतीनं ‘निन्टेन्डिनायटिस’ असं नाव दिलं. २००२ साली ब्रिटिश मेडिकल जर्नलमध्ये पंधरा वर्षांच्या एका मुलाची नोंद आली. हा रोज सात तासांपर्यंत थरथरणारा कंट्रोलर धरून खेळायचा, थंडीत त्याची बोटं पांढरी पडून दुखायची. दगड फोडणाऱ्या यंत्रावर वर्षानुवर्षं काम करणाऱ्यांना होतं तसं. आणि २००९ मध्ये जिनिव्हाच्या डॉक्टरांनी बारा वर्षांच्या मुलीच्या तळहातावर उठलेल्या दुखऱ्या लाल गाठींचं कारण प्लेस्टेशनची घट्ट पकड आणि घाम हे शोधलं. दहा दिवस खेळणं थांबवल्यावर त्या गेल्या. अशा नोंदी एकेकट्या रुग्णांच्या आहेत, त्यावरून सगळ्यांना ठोकून काढता येत नाही. पण वेळ, पकड आणि थरथर या तीन गोष्टी नेमक्या कुठे बोचतात ते त्यातून कळतं.

त्यातली थरथर तर गेमच्या सेटिंगमध्ये जाऊन एका मिनिटात बंद करता येते. माझ्याकडे आलेल्या मुलांपैकी फार थोड्यांना हे माहीत होतं.

इथं थोडं तांत्रिक बोलावं लागेल. मी काही जाणकार नाही, पण पुतण्याच्या कॉम्प्युटरवर स्वतः जोडून पाहिलंय. एक्सबॉक्सचा कंट्रोलर यूएसबी वायरनं जोडला की विंडोज त्याला लगेच ओळखतं. प्लेस्टेशनचाही चालतो, मात्र बऱ्याचदा स्टीममध्ये जाऊन तो चालू करावा लागतो आणि पडद्यावर दिसणारी बटणांची नावं कधी कधी हातातल्या बटणांशी जुळत नाहीत. स्वस्तातला घेताना ‘एक्सइनपुट’ चालतं का एवढं दुकानदाराला विचारा, नाहीतर निम्मे गेम त्याला ओळखणार नाहीत. यात डॉक्टरचा संबंध येतो तो पुढच्या गोष्टीत. कॉम्प्युटरवर जोडलेल्या कंट्रोलरची बटणं बदलता येतात. जे काम अंगठा शंभर वेळा करतो (उडी मारणं, समजा), ते तर्जनीखालच्या बटणाला देता येतं. दुखऱ्या बोटाचं काम न दुखणाऱ्या बोटाला. दुखण्यावरचा इतका साधा आणि फुकट इलाज मला दुसऱ्या कुठल्या धंद्यात सापडलेला नाही. कापूस वेचणारीला मी असं काही देऊ शकत नाही.

ही बटण-बदलीची कल्पना पुढे नेली की काय होतं तेही सांगतो. मायक्रोसॉफ्टनं २०१८ साली ‘एक्सबॉक्स अडॅप्टिव्ह कंट्रोलर’ काढला. त्यावर दोन तळहाताएवढी बटणं आणि मागे एकोणीस खाचा आहेत. प्रत्येक खाचेत वेगळं बटण जोडायचं आणि ते कोपरानं, गुडघ्यानं, पायानं, जमेल त्यानं दाबायचं. कॉम्प्युटरलाही तो चालतो. सोनीनं २०२३ च्या डिसेंबरमध्ये प्लेस्टेशनसाठी तशाच विचाराचा ‘अॅक्सेस’ आणला. थ्रेशरमध्ये हात गेलेली तरुण मुलं आपल्या भागात कमी नाहीत. त्यांच्या हातात पुन्हा काहीतरी खेळायला येणं ही चैन आहे असं मला वाटत नाही. किंमत आपल्याकडच्या घरांना परवडणारी नाही, हे मात्र खरं.

वडिलांची खरी भीती अंगठ्याची नव्हतीच. ती थोड्या वेळानं बाहेर आली: "व्यसन लागलंय साहेब त्याला." हा प्रश्न गंभीर आहे, त्याला हसून टाळू नये. जागतिक आरोग्य संघटनेच्या आजारांच्या नव्या यादीत, म्हणजे १ जानेवारी २०२२ पासून लागू झालेल्या आयसीडी-११ मध्ये, ‘गेमिंग डिसऑर्डर’ आहे. पण त्याच्या अटी आहेत: खेळण्यावर ताबा राहत नाही, बाकी सगळ्यापेक्षा खेळ मोठा होतो, नुकसान दिसत असूनही थांबवता येत नाही. आणि हे साधारण वर्षभर चालून शिक्षण, काम, नाती यांवर परिणाम दिसला पाहिजे. बारा तास काम करून पगार घरी देणारा आणि रात्री दोन तास खेळणारा मुलगा यात बसत नाही. झोप मोडत असेल तर ते वेगळं, आणि ते मी त्याला सुनावलं. रात्री एकला झोपून सहाला उठणाऱ्याला दुखणं जास्तच जाणवतं.

आणखी एक घोळ घरोघरी दिसतो. पैसे लावून खेळायचे मोबाइलवरचे गेम आणि कॉम्प्युटरवर कंट्रोलर जोडून खेळायचा गोष्टीचा गेम, दोन्ही आईबापांना सारखेच वाटतात. पैशांच्या ऑनलाइन खेळांवर २०२५ च्या ऑगस्टमध्ये केंद्रानं बंदीचा कायदा केला, आणि त्या खेळांपायी बुडालेली घरं मी पाहिली आहेत. दुसऱ्या प्रकारात काय असतं ते एकदा मुलाशेजारी बसून बघा. ‘राजी’ नावाचा असा एक गेम आपल्या पुण्यातल्या नॉडिंग हेड्स या कंपनीनं बनवला, २०२० साली तो जगभर गेला. त्यात एक मुलगी आपल्या हरवलेल्या भावाला शोधत फिरते.

आता उपचार. अंगठा आणि मनगट दोन्ही धरून ठेवणारा पट्टा (नुसता मनगटाचा पट्टा उपयोगाचा नाही, हे मेडिकलवाल्याला ठासून सांगा) तीन ते सहा आठवडे. दुखऱ्या जागी कापडात गुंडाळून बर्फ, दहा मिनिटं. गोळी लागली तर थोडे दिवस, जेवणानंतर, डॉक्टरला विचारून. फाट्यावर सुट्या मिळणाऱ्या दुखण्याच्या गोळ्या महिनाभर खाऊन पोट आणि किडनी बिघडवून घेतलेले लोक मी दर आठवड्याला बघतो. यानं फरक नाही पडला तर त्या म्यानात स्टेरॉइडचं इंजेक्शन. नाव ऐकून घाबरू नका, योग्य जागी दिलं तर बहुतेकांना आराम पडतो. त्या जागेची कातडी थोडी पांढरी पडू शकते आणि मधुमेह असेल तर काही दिवस साखर वाढते, म्हणून आधी सांगायचं. ऑपरेशनची वेळ फार थोड्यांवर येते. बोटं बधिर राहत असतील, हातातून वस्तू निसटत असतील, अंगठ्याच्या मुळाशी असलेला मांसल भाग बसल्यासारखा दिसत असेल किंवा बोटांचा रंग बदलत असेल, तर मात्र घरगुती उपायांत दिवस घालवू नका.

मुलाला सांगितलं: पंधरा दिवस खेळ पूर्ण बंद. नंतर रोज पाऊण तास, मध्ये एकदा उठून, थरथर बंद, उडीचं बटण तर्जनीला. आणि दुकानात म्हाताऱ्यांचा अंगठा दाबायचा तर तळहाताच्या टाचेनं दाब, अंगठ्यानं नको. ते त्याला सुचलंच नव्हतं.

उठताना आईनं पिशवी उचलायला हात पुढे केला आणि चटकन मागे घेतला. म्हटलं, ताई, तुमचा हात दाखवा. "माझं काय न्हाई, वेचणीनं जरा दुखतोय." तिची मूठ आवळायला लावली. मुलाला जिथं दुखत होतं तिथंच, आणि त्याच्यापेक्षा जास्त. किती दिवस? "दोन वर्सं झाली आसतील." बोंडातून कापूस काढताना अंगठा आणि दोन बोटांची तीच चिमूट दिवसाला हजारो वेळा होते, आणि मजुरी किलोवर असल्यानं हात थांबवला की पैसे थांबतात. मुलाला दुखायला लागल्यावर तीन आठवड्यांत सगळं घर दवाखान्यात आलं होतं. तिच्या हातात रिमोट नव्हता, म्हणून चिडायला कोणाला काही सापडलं नाही.

मी दोन पट्टे लिहून दिले. वडील बराच वेळ गप्प होते, मग कंट्रोलर पिशवीत परत ठेवला.

तीन आठवड्यांनी मुलगा एकटाच आला. अंगठा निम्म्याहून बरा होता. आई का नाही आली विचारलं तर म्हणाला, दुसरी वेचणी चालू आहे, पट्टा घालून बोंडाला हात लागत नाही म्हणून ती रात्री झोपताना घालते. तेही चालेल, तिला सांग. आणि वेचणी उरकली की इंजेक्शनसाठी घेऊन ये, सोमवार सोडून कधीही.