हक्कसोडपत्र

वडिलांच्या तेराव्याचे जेवण आटोपून पाहुणे आपापल्या गाडीस लागले, की ज्या घरात पैशाचा विषय आजवर मोठ्या आवाजात कधी निघाला नाही, त्याच घरात भाऊ कपाटातून एक फाइल काढतो आणि, "ताई, उद्या रजिस्ट्रार ऑफिसात जाऊन येऊ, एक सही आहे फक्त," असे ज्या सहजतेने सांगतो त्याच सहजतेने ताईही "येते की" म्हणते. आणि दुसऱ्या दिवशी दुय्यम निबंधकाच्या कचेरीत कॅमेऱ्यापुढे बसून, यंत्रावर अंगठा टेकवून ती आपला हिस्सा सोडून देते.

कायद्याने तिला काही कमी दिलेले नाही. 1956 च्या हिंदू वारसा कायद्याने, मृत्युपत्र न करता वारलेल्या पित्याच्या स्वकष्टार्जित मिळकतीत मुलगी मुलाच्या बरोबरीची वारस झाली. वडिलोपार्जित मिळकतीत महाराष्ट्राने 1994 साली अविवाहित मुलींना जन्मसिद्ध हिस्सा दिला. 2005 च्या केंद्रीय दुरुस्तीने विवाहाची अट गेली, आणि त्या वर्षी पिता हयात असण्याची आवश्यकता नाही, हे 2020 साली विनीता शर्मा खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले. तरी सुशिक्षित, मिळवती ताई सही करते, कारण हिस्सा मागितला तर माहेर तुटेल ही धास्ती तिला कोणी बोलून दाखवावी लागत नाही.

माहेर तुटत नाही, हे खरे. त्या वर्षी भाऊबीजेच्या ओवाळणीचे पाकीट जाड असते. पण पूर्वी थेट स्वयंपाकघरात शिरून डबे उघडणारी ताई आता येण्याआधी फोन करते, दिवाणखान्यात बसते, वहिनी तिच्यासाठी ठेवणीतले कप काढते, आणि संध्याकाळच्या गाडीने ती परतते. आईला हे सारे दिसते. ती बोलत नाही.

प्रत्येक हक्कसोडपत्रामागे कपट असते असे मी मुळीच मानत नाही. कित्येक बहिणी मनापासून देतात, आणि आईवडिलांची दुखणीखुपणी वर्षानुवर्षे काढणाऱ्या भावाची बाजूही मोलाची असते. माझा आक्षेप त्या घाईला आणि त्या झाकपाकीला आहे. सातबारा, घराचे कागद, बँकेतील ठेवी आईसमक्ष उघड मांडून भावाने बहिणीला निदान वर्षभराची सवड द्यावी; आणि तिने हिस्सा मागितलाच, तर वारसनोंदीत तिचे नाव लावून घेऊन दिवाळीला नेहमीप्रमाणे तिला आणायला स्टेशनावर जावे.

— गृहस्थ