निर्दोष मुक्ततेनंतरचे सहा महिने

दिवाळीनंतर कापूस बाजारात येऊ लागला की मराठवाड्यातल्या जिनिंग-प्रेसिंगना जाग येते. उमरीसारख्या बाजारगावाच्या परिसरात हंगामापुरते मजूर कामाला लागतात. रेच्यांचे रोलर, पट्टे, दातेरी चाके सतत फिरत असतात, हवेत रुईची धूळ असते. पदराचे टोक किंवा सदऱ्याची बाही पट्ट्यात सापडायला क्षणही पुरतो. 1948 च्या कारखाने अधिनियमाला हे ठाऊक होते. यंत्राच्या धोकादायक भागांना मजबूत कुंपण हवे आणि यंत्र चालू असेपर्यंत ते जागेवरच हवे, असे त्याचे कलम 21 सांगत असे. कापूस दाबण्याच्या कारखान्यात ओपनर (कापूस मोकळा करणारे यंत्र) चालू असलेल्या भागात स्त्रिया आणि मुलांना कामाला लावू नये, यासाठी तर त्यात कलम 27 स्वतंत्रपणे लिहिलेले होते.

हे नियम मोडले आणि माणूस जायबंदी झाला, तर खटला कोण भरतो? पोलीस नव्हे. त्या अधिनियमाखाली कारखाना निरीक्षकाच्या तक्रारीवरून किंवा त्याच्या लेखी मंजुरीनेच न्यायालय अशा गुन्ह्याची दखल घेत असे. ही तक्रारही गुन्हा निरीक्षकाच्या लक्षात आल्यापासून तीन महिन्यांत यावी लागे. तक्रार चौथ्या महिन्यात गेली, की पुरावा कितीही भक्कम असो, खटला कोलमडत असे. त्यातच शिक्षेची कमाल मर्यादा दोन वर्षांची असल्याने तो समन्स खटला ठरतो, आणि अशा खटल्यात फिर्यादी तारखेला गैरहजर राहिला तर आरोपीला निर्दोष सोडण्याची तरतूद आहे. फिर्यादी म्हणजे निरीक्षक. त्याची बदली झाली, दुसऱ्या जिल्ह्याचा पदभार आला, तारखेचा निरोप पोचला नाही, तर हात गमावलेल्या मजुराचा खटला यंत्राच्या कुंपणाविषयी एक शब्दही न बोलला जाता संपू शकतो. दंड प्रक्रिया संहितेच्या जागी आलेल्या नव्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेने फिर्यादीला हजर राहण्यासाठी तीस दिवसांची सवड दिली, ही त्यातली सुधारणा.

खरा प्रश्न यानंतरचा आहे. अशा निकालाविरुद्ध सरकारला अपील करता येते का?

अनेकांचा समज असा, की सरकारी वकिलाला आदेश दिला की झाले. पोलिसांच्या खटल्यात ते बऱ्याच अंशी खरे आहे. तक्रारीवरून चाललेल्या खटल्याचा मार्ग वेगळा. जानेवारी 2013 मध्ये सुभाष चंद विरुद्ध दिल्ली प्रशासन या प्रकरणात न्या. रंजना प्रकाश देसाई यांनी लिहिलेल्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने हे स्पष्ट केले. तो खटला अन्नभेसळीचा होता, पण तत्त्व सर्वच तक्रारींना लागू होते. तक्रारदार खासगी असो वा सरकारी सेवक, निर्दोष मुक्ततेविरुद्ध त्याने उच्च न्यायालयाची विशेष परवानगी मागायची. सरकारी सेवकाला त्यासाठी सहा महिने मिळतात. परवानगी नाकारली गेली, तर सरकारलाही अपिलाचा दरवाजा बंद होतो.

उमरीतल्या अशा खटल्यासाठी हा रस्ता थेट छत्रपती संभाजीनगरच्या खंडपीठात जातो. निकालाची प्रत, औद्योगिक सुरक्षा व आरोग्य संचालनालयाचा अभिप्राय, वकिलाचे मत, वरिष्ठांची संमती अशी फाइल टेबलामागून टेबल फिरत असताना मुदत कोणासाठी थांबत नाही.

अपिलाने काय साधते, याचे उदाहरण 1964 च्या निर्णय-संग्रहात आहे. चालू यंत्रावरचे संरक्षक झाकण जागेवर नसल्याच्या प्रकरणात गुजरात सरकार जेठालाल घेलाभाई पटेल या व्यवस्थापकाविरुद्ध सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले. झाकण एकदा बसवून दिले म्हणजे जबाबदारी संपत नाही, ते जागेवर राहील याची काळजीही घ्यावी लागते, हा अर्थ त्यातून पक्का झाला. सरकार घरी बसले असते, तर देशभरच्या कारखान्यांना हे बजावले गेले नसते.

याचा अर्थ प्रत्येक निकालाविरुद्ध धाव घ्यावी असा नाही. खालच्या न्यायालयाने निर्दोष ठरवल्यावर आरोपीच्या निरपराधित्वाचे गृहीतक दुणावते, असे सर्वोच्च न्यायालयाने 2007 च्या चंद्रप्पा निकालात सांगितले आहे. हजेरीपत्रकातल्या चुकीसाठी लहान जिनिंगवाल्याला वर्षानुवर्षे खंडपीठाच्या पायऱ्या झिजवायला लावणे हा अन्यायच. पण मृत्यू किंवा गंभीर दुखापतीचा खटला आणि नोंदवहीतली चूक यांना एकाच मापाने मोजता येणार नाही.

कामगाराच्या हातीही एक हक्क आहे, जो त्याला क्वचितच कोणी सांगते. 31 डिसेंबर 2009 पासून पीडिताला निर्दोष मुक्ततेविरुद्ध अपिलाचा हक्क मिळाला. पीडितात त्याचे वारसही येतात. दंडाधिकाऱ्याच्या निकालावर हे अपील जिल्ह्यातल्याच सत्र न्यायालयात जाते. त्यासाठी वेगळी परवानगी लागत नाही, हे 2018 च्या मल्लिकार्जुन कोडगली निकालाने स्पष्ट केले. म्हणजे मजुराच्या विधवेला अपील जिल्ह्यातच करता येते आणि निरीक्षकाला मात्र खंडपीठ गाठावे लागते. विधी आयोगाने 2009 च्या 221 व्या अहवालात तक्रारींच्या खटल्यांतली अपिलेही सत्र न्यायालयात नेण्याची शिफारस केली होती. नव्या नागरिक सुरक्षा संहितेने ती संधी दवडली.

21 नोव्हेंबर 2025 पासून कारखाने अधिनियमाची जागा व्यावसायिक सुरक्षा संहितेने घेतली आहे. मृत्यूच्या प्रकरणात आता किमान पाच लाखांच्या दंडाची तरतूद आहे आणि त्यातला निदान निम्मा वाटा वारसांना द्यायला न्यायालय सांगू शकते. त्यामुळे चुकीची निर्दोष मुक्तता तशीच राहिली, तर कुटुंबाला मिळू शकणारा हा पैसाही बुडतो.

म्हणून राज्य सरकारने तीन गोष्टी लगेच कराव्यात. मृत्यू आणि अवयव गमावल्याच्या प्रत्येक खटल्यात निकालानंतर साठ दिवसांत अपील करायचे की नाही हे कारणांसह लेखी ठरवावे. तो निर्णय कामगाराला किंवा त्याच्या वारसांना मराठीत कळवावा आणि त्याच पत्रात त्यांच्या स्वतःच्या अपिलाच्या हक्काची, तसेच जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाच्या मोफत वकिलाची माहिती द्यावी. तिसरे, निरीक्षकाची बदली झाली तर त्याच्या प्रलंबित खटल्यांच्या तारखा कोणी सांभाळायच्या, हे बदलीच्या आदेशातच नाव घालून लिहावे. यासाठी ना नवा कायदा लागतो, ना विधिमंडळाची मंजुरी. संचालनालयाचे एक परिपत्रक पुरते, आणि ते पुढच्या कापूस हंगामाआधी निघायला हवे.